पेपरातल्या लेखाचा राग आला म्हणून ताराबाई शिंदेंनी पुस्तक लिहिलं, ते लोकांच्या हाती पुन्हा यायला ९३ वर्षं लागली

पेपरात एखादी बातमी येते. बायको नवऱ्याला सोडून गेली, सुनेने सासूला घराबाहेर काढलं, असलं काहीतरी. दहा मिनिटांत खाली कमेंट्सचा पाऊस पडतो. आजकालच्या बायका अशाच. शिकल्या आणि बिघडल्या. हातात मोबाईल आला आणि संस्कार गेले.

बातमी एका बाईची असते, निकाल मात्र सगळ्या बायकांचा लागतो.

हे सगळं सोशल मीडियामुळे सुरू झालं असं वाटत असेल, तर थेट १८८१ सालात जावं लागेल. तेव्हा मोबाईल नव्हते, पण पेपर होते, नाटकं होती, छापलेल्या कादंबऱ्या होत्या. आणि वऱ्हाडातल्या बुलढाण्यात एक तिशीतली बाई हे सगळं बारकाईने वाचत होती.

तिचं नाव ताराबाई शिंदे.

तर झालं असं की, १८८१ साली गुजरातमध्ये सुरतेजवळच्या ओलपाडची एक केस गाजली. सुरत तेव्हा मुंबई इलाख्यातच होतं, त्यामुळे केसची चर्चा मराठी पेपरांतही जोरात होती. आरोपी होती विजयालक्ष्मी नावाची तरुण ब्राह्मण विधवा. विधवा असताना तिला दिवस गेले, मूल झालं आणि त्या नवजात बाळाला मारल्याचा गुन्हा तिच्यावर सिद्ध झाला. कोर्टाने तिला फाशीची शिक्षा सुनावली.

पुढे मुंबईत अपील झालं. फाशी टळली, जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली आणि नंतर तीही कमी होऊन पाच वर्षांवर आली.

आता यात एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. विधवांच्या पुनर्विवाहाचा कायदा १८५६ सालीच झाला होता. पण तो कागदावर. वरच्या म्हणवल्या जाणाऱ्या जातींमध्ये विधवेने पुन्हा लग्न करणं म्हणजे घराण्याचं नाक कापणं. लहान वयात लग्न, लहान वयात वैधव्य आणि उरलेलं सगळं आयुष्य एका कोपऱ्यात. त्यात कुणी फसवलं, कुणी जबरदस्ती केली, तर बाईपुढे दोनच वाटा उरायच्या. विहीर जवळ करणं किंवा मूल मारणं. ही वेळ येऊ नये म्हणून जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी १८६३ साली पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं होतं. म्हणजे हा प्रश्न किती मोठा आहे ते ठाऊक असलेले लोक तेव्हाही होते.

पण पेपरांत सूर वेगळाच लागला. पुण्यातून निघणाऱ्या पुणेवैभव या सनातनी वळणाच्या पत्राने विजयालक्ष्मीच्या निमित्ताने सगळ्या स्त्रीजातीलाच धारेवर धरलं. बायकांचं वागणं सैल झालंय, नव्या जमान्याने त्या बिघडल्या आहेत, असा एकूण रोख.

पिंजऱ्यात उभी होती एकटी विजयालक्ष्मी. त्या बाळाचा बाप तिथे नव्हता. लेख लिहिणाऱ्यांना त्याची आठवणही झाली नव्हती.

हे वाचून ताराबाईंचं डोकं फिरलं.

पण १८८१ सालच्या बुलढाण्यात राहणारी बाई पेपर वाचत कशी होती, हाही एक प्रश्नच आहे.

त्या काळात मुलींच्या शिक्षणाची सोय मोजक्या गावांत होती. त्यातलं एक ठिकाण म्हणजे अहमदनगर, आजचं अहिल्यानगर. तिथे अमेरिकन मराठी मिशनच्या सिंथिया फरार यांनी १८३९ पासून मुलींच्या शाळा चालवल्या. याच शाळा बघून जोतीरावांना पुण्यात मुलींची शाळा काढायची प्रेरणा मिळाली. सावित्रीबाईंनी शिक्षिका होण्याचे धडे घेतले तेही फरार बाईंकडे, नगरमध्येच.

बुलढाण्यात असलं काही नव्हतं. १८५० साली जन्मलेल्या ताराबाईंना शाळेचं तोंड बघायला मिळालं नाही.

त्यांच्या वाट्याला आले ते वडील. बापूजी हरी शिंदे डेप्युटी कमिशनरच्या कचेरीत हेडक्लार्क होते. विचाराने पुढारलेले, सत्यशोधक समाजाशी जोडलेले. १८७१ साली त्यांनी स्वतःचं एक छोटं पुस्तकही छापलं होतं. भावांमध्ये एकुलत्या एक असलेल्या या मुलीला त्यांनी घरीच मराठी, संस्कृत आणि इंग्रजी शिकवलं.

घर मात्र खानदानी मराठ्यांचं. बायकांनी उंबऱ्याबाहेर पडायचं नाही, ही रीत. ताराबाईंचं लग्न लहानपणीच झालं. वडिलांनी जावयाला घरजावई करून घेतलं, त्यामुळे मुलगी माहेरीच राहिली. त्यांना मूलबाळ झालं नाही. पुढे नवरा वारला आणि ताराबाईंनी पुन्हा लग्न केलं नाही.

म्हणजे ज्या विधवेबद्दल पेपर बोलत होते, तिचं जगणं कसं असतं हे ताराबाईंना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

एरवी एखाद्याने संपादकाला पत्र लिहिलं असतं. ताराबाईंनी पुस्तकच लिहिलं.

१८८२ साली पुण्याच्या श्री शिवाजी छापखान्यात ते छापलं गेलं. प्रती ५००, किंमत नऊ आणे. नाव होतं स्त्री-पुरुष तुलना. स्त्रिया आणि पुरुष यांच्यात खरं साहसी कोण, हे दाखवण्यासाठी हा निबंध आहे, असं नावातच पुढे जोडलेलं होतं. इथे साहसी म्हणजे धाडसी नव्हे. कसलाही विचार न करता वाट्टेल ते पाप करून मोकळं होणारा, असा त्याचा अर्थ. हा दोष बायकांचा आहे असं जुनी सुभाषितं सांगत आली होती. ताराबाईंनी तोच शब्द उचलला आणि मुखपृष्ठावर ठेवला.

प्रस्तावनेत त्यांनी आधीच कबूल करून टाकलं की, हा आपला पहिलाच प्रयत्न आहे, आपण घराच्या भिंतींआड अडकलेली बाई आहोत आणि लिहिताना भाषा कडक झाली आहे.

कडक म्हणजे किती? तर आजही वाचताना चटका बसतो इतकी. ओवी-अभंगाच्या वळणाची, स्वयंपाकघरातली, भांडणातली, टोमण्यांची भाषा. पंडिती मराठीचा मुलामा नाही.

पण हे पुस्तक नुसता राग म्हणून वाचलं तर त्यातली खरी गोष्ट हातातून सुटते. ती गोष्ट नावातच आहे. तुलना.

ताराबाईंची पद्धत अगदी साधी होती. बायकांवर जे जे आरोप होतात त्यांची यादी करायची. बायका कपटी असतात, संशयी असतात, उद्धट असतात, अविचारी असतात, दोषांचं भांडार असतात. मग एकेक आरोप उचलायचा आणि त्यात बाईच्या जागी पुरुष ठेवून बघायचा. आरोप तरीही लागू पडतो का? पडत असेल, तर तो दोष एकट्या बाईचा कसा?

आणि पुढचा प्रश्न त्याहून अवघड. दोष दोघांत आहे, तर शिक्षा एकालाच का?

नवरा मेला की बाईचं केशवपन होतं, दागिने उतरतात, तिचं तोंड बघणं अपशकुन ठरतं. बायको मेली की पुरुष दिवस घालून होताच नव्या मुली बघायला लागतो. मग पुरुषालाही तोच नियम का नाही? सावित्री नवऱ्याचे प्राण मागायला यमाच्या दारात गेली, असं सगळे कौतुकाने सांगतात. बायकोचे प्राण मागायला यमाकडे गेलेला एकतरी नवरा कुणी ऐकला आहे का?

पुरुषांनी इंग्रजांचे बूट घातले, टोप्या घातल्या, खाणंपिणं बदललं, तेव्हा धर्म बुडाला नाही. बाईने लिहायला-वाचायला घेतलं की लगेच कसा बुडतो? वेश्यांना नावं ठेवता, पण त्यांना त्या वाटेला लावलं कुणी? त्या काही आकाशातून पडल्या नाहीत.

सुधारकांनाही त्यांनी सोडलं नाही. सभा भरवायच्या, विधवांच्या दुःखावर भाषणं ठोकायची आणि स्वतःच्या घरात वेळ आली की मान खाली घालायची, हा दुटप्पीपणा त्यांनी उघडा पाडला.

यानंतर ताराबाई जिथे वळल्या, तो भाग आजच्या वाचकासाठी सगळ्यात महत्त्वाचा आहे. त्यांनी विचारलं की, बाई अशीच असते हे लोकांच्या डोक्यात भरवतं कोण?

उत्तर शोधायला त्या धर्मग्रंथांवर थांबल्या नाहीत. त्यांनी आपल्या काळातली गाजलेली पुस्तकं आणि नाटकं समोर घेतली. लक्ष्मण मोरेश्वर हळबे यांची मुक्तामाला, नारो सदाशिव रिसबूड यांची मंजुघोषा, मनोरमा नाटक, बायकांच्या भानगडींच्या गोष्टी सांगणारं स्त्रीचरित्र. आजच्या भाषेत सांगायचं तर त्या काळच्या हिट सिरीज.

या गोष्टींमध्ये बाई एकतर अप्सरेसारखी सुंदर आणि पतिव्रता असायची, नाहीतर राजवाडा सोडून भलत्याच माणसामागे धावणारी कपटी राणी. मधलं काही नाही. ताराबाईंचं म्हणणं होतं की, अशा बायका लेखकांनी पाहिल्या कुठे? ही सगळी त्यांच्या डोक्यातली रचना. लिहिणारे पुरुष, छापणारे पुरुष, वाचून माना डोलावणारेही पुरुष. आणि एकदा का ते छापलं गेलं की तोच पुरावा होतो.

यातली गंमत अशी की, मंजुघोषा लिहिणाऱ्या रिसबूडांनी आपल्या प्रस्तावनेत जवळपास कबुलीच दिली होती. आपल्या लोकांच्या रोजच्या जगण्यात आणि लग्नाच्या रिवाजांत गोष्ट रंगावी असं काही सापडत नाही, म्हणून अद्भुताकडे जावं लागतं, असा त्यांचा सूर होता. त्याच समाजात बुलढाण्यातल्या एका बाईला घराघरांत इतकं काही दिसत होतं की तिचं अख्खं पुस्तक त्याने भरलं.

नजर बदलली की गोष्ट बदलते, ती अशी.

नाटकांची तऱ्हा तर आणखी निराळी. त्या काळी रंगभूमीवर बाईचं काम पुरुषच करायचे. म्हणजे बाईची गोष्ट पुरुषाने लिहिलेली, बाईचे संवाद पुरुषाने म्हटलेले आणि बाईने कसं लाजावं, कसं रडावं हेही पुरुषाने ठरवलेलं. अशा काळात एका बाईने उठून हे चित्र आमचं नाहीच, असं छापून सांगणं ही साधी गोष्ट नव्हती.

१८८२ हे सालही मोठं विलक्षण. याच वर्षी पंडिता रमाबाईंनी पुण्यात आर्य महिला समाज काढला, त्यांचं स्त्रीधर्मनीति हे पुस्तकही याच वर्षीचं. इंग्लंडमध्ये जॉन स्टुअर्ट मिलचं स्त्रियांच्या पारतंत्र्यावरचं पुस्तक येऊन जेमतेम १३ वर्षं झाली होती. आणि ज्या सिमोन द बोव्हारचं नाव आज या विषयात पहिल्यांदा घेतलं जातं, तिचं पुस्तक यायला अजून ६७ वर्षं होती.

मग पुस्तकाचं स्वागत कसं झालं?

सनातनी मंडळी खूश होतील अशी अपेक्षा कुणालाच नव्हती. पण खरा फटका घरातूनच आला. कृष्णराव भालेकर हे सत्यशोधक चळवळीतलं मोठं नाव. दीनबंधू हे चळवळीचं पत्र त्यांनीच सुरू केलेलं. त्या भालेकरांनी ताराबाईंच्या पुस्तकावर टीका केली.

जातीच्या प्रश्नावर भल्याभल्यांना अंगावर घेणारे लोक. पण प्रश्न आपल्याच घरातल्या बाईचा आला, तेव्हा त्यांनाही ती भाषा झेपली नाही.

ताराबाईंच्या बाजूने उभे राहिले जोतीराव फुले. १८८५ साली त्यांनी सत्सार नावाच्या छोट्या नियतकालिकाच्या दुसऱ्या अंकात ताराबाईंची बाजू घेतली. मुलीला म्हणावं तसा त्यांचा उल्लेख चिरंजीविनी असा केला आणि टीका करणाऱ्या आपल्याच सहकाऱ्यांचा समाचार घेतला. ज्या चळवळीचे आपण नेते आहोत, त्याच चळवळीतल्या माणसांना एका बाईसाठी जाहीरपणे सुनावणं, हे फुल्यांनी केलं.

पण त्यानंतर ताराबाईंचं दुसरं काहीही छापून आलं नाही.

ना पुस्तक, ना लेख. ३२ वर्षांची, तीन भाषा येणारी, असली धारदार लेखणी असलेली बाई एकदम गप्प झाली. १९१० च्या सुमारास त्या गेल्या, असं मानलं जातं.

त्या गप्प झाल्या, पण पेपरांचं जग थांबलं नव्हतं. ज्या भालेकरांनी त्यांच्यावर टीका केली, त्यांचेच चिरंजीव मुकुंदराव पाटील. ते दत्तक गेले नगर जिल्ह्यात. तिथे नेवासा तालुक्यातल्या तरवडीसारख्या खेडेगावातून त्यांनी दीनमित्र हे साप्ताहिक चालवलं. १९१० पासून थेट १९६७ पर्यंत. शहरातल्या पेपरांना खेड्यातला शेतकरी दिसत नव्हता, म्हणून खेड्यातूनच पेपर निघाला.

आपल्याबद्दल दुसरेच लिहितात, आपण स्वतः लिहायला पाहिजे, हे दीनमित्रमागचं गणित. बायकांच्या बाबतीत ताराबाईंनी २८ वर्षं आधी नेमकं हेच केलं होतं.

बायकांनाही संपादकाची खुर्ची मिळाली, पण अपवाद म्हणून. वासुदेवराव बिर्जे यांच्या निधनानंतर त्यांच्या पत्नी तानूबाई बिर्जे यांनी काही वर्षं दीनबंधूचं संपादन केलं. ज्या दीनबंधूच्या जन्मदात्याला ताराबाईंचं पुस्तक पटलं नव्हतं, त्याच पत्राची धुरा एका बाईने वाहिली.

ताराबाईंचं पुस्तक मात्र विस्मरणात गेलं. छापलेल्या प्रती ५००. त्यातल्या काही वाळवीने खाल्ल्या असतील, काही माळ्यावर गेल्या असतील. मराठी साहित्याचा इतिहास लिहिला गेला, त्यात मुक्तामाला आली, मंजुघोषा आली. या दोन्ही कादंबऱ्यांना १८८२ सालीच जाब विचारणारी बाई तेवढी आली नाही.

मग उजाडलं १९७५. संयुक्त राष्ट्रांनी हे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष म्हणून जाहीर केलं होतं. त्याच वर्षी जुन्या ग्रंथांचे अभ्यासक डॉ. स. गं. मालशे यांनी स्त्री-पुरुष तुलना संपादित करून पुन्हा प्रसिद्ध केलं. तब्बल ९३ वर्षांनी.

यानंतर चक्रं फिरली. विलास खोले यांनीही या पुस्तकाचं संपादन केलं. १९९४ साली रोझालिंड ओ'हॅनलन या इंग्लंडमधल्या इतिहासकार बाईंनी त्याचा संपूर्ण इंग्रजी अनुवाद केला आणि बुलढाण्याची ताराबाई जगभरातल्या विद्यापीठांत पोहोचली. आज भारतातल्या स्त्रीवादी लेखनाची सुरुवात सांगताना हे पुस्तक टाळून पुढे जाता येत नाही.

आता राहिला प्रश्न की, हे सगळं आज का वाचायचं?

१९८५ साली ॲलिसन बेक्डेल या अमेरिकन चित्रकार बाईंच्या एका कॉमिकमधून एक साधी परीक्षा आली. सिनेमात किमान दोन बायका आहेत का, त्या एकमेकींशी बोलतात का आणि पुरुषाव्यतिरिक्त कशाबद्दल बोलतात का? तीन प्रश्न. भलेभले सिनेमे यात नापास होतात. कथेतली बाई कुणाच्या डोळ्यांनी दाखवली आहे, हे तपासायची ही खटपट. ताराबाईंनी ती शंभर वर्षं आधी मराठी कादंबऱ्यांवर करून पाहिली होती.

बातम्यांचंही तसंच. जगभरातल्या बातम्यांमध्ये बायका किती दिसतात, याची मोजणी दर पाच वर्षांनी एका जागतिक प्रकल्पातून होते. १९९५ साली बातम्यांत दिसणाऱ्या किंवा ज्यांचं म्हणणं घेतलं जातं अशा माणसांमध्ये बायका होत्या १७ टक्के. २०२० साली हा आकडा होता २५ टक्के. पंचवीस वर्षांत वाढ फक्त आठ टक्क्यांची. म्हणजे अजूनही बातमीतल्या चार माणसांत तीन पुरुष.

ताराबाईंकडे ना आकडे होते, ना विद्यापीठ, ना शिष्यवृत्ती. घरी शिकलेल्या तीन भाषा होत्या आणि तुलना करून बघायची सवय होती.

ती सवय आजही फुकट आहे. पुढच्या वेळी बायकांनाच नावं ठेवणारी पोस्ट समोर आली, तर त्यात बाईच्या जागी पुरुष ठेवून वाचायचं. वाक्य तरीही खरं वाटलं तर तो दोष माणसाचा. हास्यास्पद वाटलं तर लिहिणाऱ्याचा. आणि बातमीत एकटीच बाई उभी दिसली, तर विजयालक्ष्मीची केस आठवून एवढंच शोधायचं की, या गोष्टीतला दुसरा माणूस कुठे गेला?